पुण्यात राहून छोट्या सिनेमांचं संकलन: पहिला चित्रपट घ्यावा का, आणि घेतला तर तो तडीस कसा न्यावा

प्रश्न थोडक्यात असा: वय २५, पुण्यात चार वर्षं लग्नाचे व्हिडिओ, कंपन्यांच्या फिल्म आणि मित्रांच्या पाच-सहा शॉर्टफिल्म एडिट करून झाल्या आहेत. आता एक मराठी चित्रपट समोर आलाय. भोर-मुळशीकडे चित्रीकरण पूर्ण झालंय, फुटेज ४५ तासांचं, सिनेमा साधारण १०० मिनिटांचा. मानधन १ लाख २० हजार, आणि निर्माता म्हणतो "तीन महिन्यांत उरकेल". घ्यावा का? आणि मुंबई न गाठता यात करिअर होतं का?

घ्या. फक्त आपण काय घेतोय ते नीट बघून घ्या. मोठ्या सिनेमात संकलकाच्या मागे दोन असिस्टंट असतात, सेटवर डेटा सांभाळणारा माणूस असतो, पोस्ट-प्रॉडक्शन सुपरवायझर असतो. छोट्या सिनेमात या सगळ्यांच्या खुर्च्या रिकाम्या असतात आणि त्यांचं काम गुपचूप संकलकाच्या टेबलावर येतं. निर्माता "एडिटिंग" म्हणतो तेव्हा त्याच्या मनात सिंकपासून (चित्र आणि आवाज जुळवणं) डीसीपीपर्यंत (थिएटरात चालणारी अंतिम डिजिटल प्रत) सगळं असतं, तुमच्या मनात फक्त कट असतो. भांडणं इथूनच सुरू होतात. पण या क्षेत्रात दुसरा आणि तिसरा सिनेमा मिळतो तोही याच कामावर. "कट छान करतो" असं शंभर जणांबद्दल बोललं जातं. "त्याच्याकडे दिलं की सिनेमा पूर्ण होतो" असं फार थोड्यांबद्दल. म्हणून ते काम शिका, आणि फुकट करू नका.

आधी दिवस मोजू. ४५ तासांचं फुटेज टिपणं काढत, थांबत पाहायचं तर दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त डोकं चालत नाही. नऊ दिवस गेले. सिंक आणि मांडणी पाच दिवस. असेंब्लीत, म्हणजे सगळे सीन पटकथेच्या क्रमाने पहिल्यांदा जोडताना, दिवसाला पाच मिनिटांचा सिनेमा जोडून झाला तर वेग चांगला म्हणायचा, आणि १०० मिनिटांच्या पटकथेची असेंब्ली १२५ मिनिटांच्या आत क्वचितच येते, २५ दिवस. दिग्दर्शकासोबत रफ कट (ढोबळ आकार) २० दिवस, फाइन कट (बारीक सफाई) २०. लॉकनंतर, म्हणजे कट पक्का ठरल्यावर, साउंड आणि कलरला द्यायची तयारी, सबटायटल, तपासण्या मिळून १२. बेरीज ९१. आठवड्याला सहा दिवस धरले तर साडेतीन महिने, तेही दिग्दर्शक रोज वेळेवर आला तर. १ लाख २० हजार भागिले ९१ म्हणजे दिवसाला १,३०० रुपयांच्या आसपास. हा आकडा तुमच्या लग्नाच्या कामाच्या दिवसाच्या दरासमोर ठेवा आणि मगच बोलायला बसा.

निर्मात्याकडे खरंच पैसे नसतील तर दरासाठी घासाघीस करण्यापेक्षा दिवस कमी करा. सिंक आणि मांडणी त्यांचा एखादा असिस्टंट डिरेक्टर तुमच्या देखरेखीखाली करेल. दिग्दर्शकासोबत रफ कटच्या दोन फेऱ्या, फाइन कटच्या दोन. त्यापुढे दर आठवड्याला ठरलेली रक्कम. लॉकनंतरचं सगळं वेगळं बिल. ट्रेलर आणि टीझर तर वेगळेच. हे दोन पानांत लिहून दोघांच्या सह्या घ्या. वकील लागत नाही. पैसे चार हप्त्यांत: कामाला हात लावताना पाव, असेंब्ली दाखवल्यावर पाव, लॉकला पाव, आणि उरलेला पाव साउंड-कलरचं साहित्य हातातून जाण्याआधी. शेवटचा हप्ता "रिलीजनंतर" किंवा "शासनाचं अनुदान आल्यावर" असा कधीही ठेवू नका. अनुदान सेन्सॉर प्रमाणपत्र आणि परीक्षणानंतर ठरतं, ते कधी येईल आणि येईल का, यावर तुमचं घरभाडं अवलंबून राहता कामा नये. काही रक्कम पुढे ढकलायची असेलच तर "नफ्यातला वाटा" लिहून घेऊ नका, कारण छोट्या सिनेमाच्या वहीत नफा दिसतच नाही. "अनुदान, ओटीटी किंवा सॅटेलाइट यातून येणाऱ्या पहिल्या रकमेतून इतके रुपये" असं लिहा.

करांचं थोडक्यात. व्यावसायिक फीवर १० टक्के टीडीएस कापला जातो. तो खरोखर तुमच्या पॅनवर भरला गेलाय का, हे आयकर खात्याच्या संकेतस्थळावर दर तिमाहीला पाहा. छोटे निर्माते कापतात आणि भरायला विसरतात. वर्षाची उलाढाल २० लाखांच्या आत असेल तर जीएसटी नोंदणीची सक्ती नाही. नोंदणी असेल तर बिलावर १८ टक्के वेगळे लावा, मानधनात मिसळू नका.

आता तांत्रिक बाजू, आणि इथे एक गोष्ट बाकी सगळ्यांपेक्षा महत्त्वाची: शेवटची चाचणी पहिल्याच आठवड्यात करा. दोन-तीन मिनिटांचा कुठलाही एक सीन घ्या, कच्चा जोडा, आणि तो पूर्ण रस्त्यावरून चालवा. सिंक, प्रॉक्सीवर (मूळ फुटेजच्या हलक्या प्रतींवर) कट, कलर करणाऱ्याला एक्सएमएल, साउंडवाल्याला एएएफ (दोन्ही म्हणजे तुमचे कट दुसऱ्या सॉफ्टवेअरकडे नेणाऱ्या फाइल), परत आलेलं चित्र आणि आवाज एकत्र, त्यातून छोटी डीसीपी. डीसीपी-ओ-मॅटिक हे सॉफ्टवेअर फुकट मिळतं, चाचणीला पुरेसं आहे. या दोन दिवसांत जे बिघाड सापडतात ते पहिल्या आठवड्यात तासाभरात निस्तरतात. लॉकनंतर सापडले तर दोन आठवडे जातात आणि दोष संकलकावर येतो.

काय-काय सापडतं? पहिला मान फ्रेम रेटचा, म्हणजे सेकंदाला किती चित्रं याचा. मुख्य कॅमेरा २४ वर, दुसरा मित्राचा आणलेला कॅमेरा २३.९७६ वर, ड्रोन २५ किंवा ३० वर, आणि दिग्दर्शकाने घाटात मोबाइलवर घेतलेले चार सुंदर शॉट, ज्यांचा फ्रेम रेट सतत बदलता. मोबाइलचे शॉट टाइमलाइनवर घेण्याआधीच ठराविक फ्रेम रेटमध्ये बदलून घ्या आणि ती नवी फाइलच मूळ समजा. २४ आणि २३.९७६ यांच्यातला फरक ०.१ टक्का, ऐकायला किरकोळ वाटतो. पण एका तासात ३.६ सेकंदांचा घोळ होतो. सबंध सिनेमा २३.९७६ वर कापला आणि थिएटरसाठी २४ वर नेला, तर १०० मिनिटांत चित्र सुमारे सहा सेकंद आधी संपतं. आवाजही तेवढाच आवळला नाही तर शेवटच्या रिळात ओठ एकीकडे, शब्द दुसरीकडे. २५ वर शूट झालं असेल आणि २४ वर चालवायचं ठरलं, तर १०० मिनिटांचा सिनेमा १०४ मिनिटं १० सेकंदांचा होतो. तेव्हा टाइमलाइनचा फ्रेम रेट पहिल्या दिवशी ठरवा, भिंतीवर लिहा. नंतर तो बदलता येत नाही असंच धरून चाला.

दुसरा घोळ फाइलच्या नावांचा. पुष्कळ कॅमेरे प्रत्येक नव्या कार्डावर पहिल्या क्रमांकापासून सुरुवात करतात. वीस दिवसांच्या शूटमध्ये "सी०००१" नावाच्या वीस-पंचवीस फाइल असू शकतात, आणि टाइमकोड (प्रत्येक फ्रेमवरचा वेळेचा क्रमांक) नीट लावलेला नसेल तर सगळ्यांचा शून्यापासून. प्रॉक्सीवर कापताना काहीच कळत नाही. मूळ फाइलशी जोडायची वेळ आली की आईच्या क्लोजअपच्या जागी गोठ्यातली म्हैस येते. उपाय एकच: प्रत्येक कार्डाला स्वतंत्र फोल्डर आणि स्वतंत्र रील नाव, आणि फाइलच्या नावाआधी कार्डाचा क्रमांक जोडायचा असेल तर तो प्रॉक्सी करण्याआधी. प्रॉक्सीचं नाव, टाइमकोड, लांबी आणि ऑडिओ चॅनेलची संख्या मूळ फाइलशी तंतोतंत जुळली पाहिजे. मूळ फाइलला चार चॅनेल आणि प्रॉक्सीला दोन, एवढ्यावरूनही काही सॉफ्टवेअर जोडायला नकार देतात.

तिसरा आवाज. सिंक साउंड असेल तर रेकॉर्डरच्या फाइलमध्ये सहसा पहिल्या एक-दोन ट्रॅकवर मिक्स असतो आणि पुढे बूम (काठीवरचा माइक), प्रत्येकाचा लेपल (कपड्याला लावलेला माइक) असे सुटे ट्रॅक. तुम्ही कापता मिक्सवर, साउंड एडिटरला हवे असतात सुटे. ते त्याला मिळतील ते फाइलमधल्या सीन-टेक-टाइमकोडच्या नोंदीवरून. म्हणून ऑडिओ फाइलचं रूपांतर करू नका, नाव बदलू नका, "आवाज जरा मोठा करून" नवी फाइल बनवू नका. क्लॅप ऐकून हाताने सिंक करायची वेळ आली तरी मूळ फाइलच वापरा. आणि साउंड रिपोर्ट वाचा. रेकॉर्डिस्टने "टेक ४, विमान" असं लिहिलेलं असतं, ते न वाचता तोच टेक निवडून संकलक दोन दिवस वाया घालवतो.

डिस्कचा हिशोब सोपा आहे. मिररलेस कॅमेऱ्याचं १०० मेगाबिटचं फुटेज तासाला ४५ जीबी घेतं. ४५ तास म्हणजे सुमारे २ टीबी. तेच यूएचडी (फोर-के) प्रोरेस ४२२ एचक्यू या जड प्रकारात २४ फ्रेमवर असेल तर तासाला ३१८ जीबी, म्हणजे १४ टीबीच्या वर. १०८० प्रोरेस प्रॉक्सी तासाला १६ जीबी, सगळे मिळून ७२० जीबी. २ टीबीच्या एसएसडीवर सुखाने राहतात. मूळ फुटेजच्या तीन प्रती: एक निर्मात्याकडे, एक तुमच्याकडे, एक तिसऱ्याच घरात. तीनही डिस्क निर्मात्याने विकत घ्यायच्या, तुम्ही नाही. कॉपी करताना चेकसम, म्हणजे प्रत मूळ फाइलशी तंतोतंत जुळते का ते, तपासणारं सॉफ्टवेअर वापरा. ओढून टाकलेली फाइल "झाली" म्हणते, पण आतून तुटलेली असू शकते. एक्सफॅट पद्धतीने फॉरमॅट केलेली डिस्क मॅक आणि विंडोज दोन्हीकडे चालते, पण वायर ओढली किंवा वीज गेली तर ती लवकर बिघडते. पुण्यात गुरुवारी देखभालीसाठी वीज जायची सवय आहे, तेव्हा यूपीएस ही चैनीची वस्तू समजू नका. प्रोजेक्ट फाइल तर रोज संध्याकाळी तारखेसह वेगळ्या जागी गेलीच पाहिजे.

सॉफ्टवेअर कुठलं, यावर वाद घालण्यात अर्थ नाही. कलर करणारा आणि साउंडवाला ज्यावर काम करतात, त्यांच्याकडे विनासायास जाईल ते तुमचं सॉफ्टवेअर. रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरची फुकटची आवृत्ती पुष्कळ पुरते. फक्त १०-बिट फुटेजची फाइल उघडल्यावर आवाज येतोय आणि चित्र नाही असं झालं तर घाबरू नका, ट्रान्सकोड करा (फाइल दुसऱ्या प्रकारात बदलून घ्या) किंवा एकदा पैसे भरून पूर्ण आवृत्ती घ्या.

प्रत्यक्ष कापण्याबद्दल. कमी बजेटच्या फुटेजचा स्वभाव ठरलेला असतो: मास्टर शॉट (सगळे एकत्र दिसणारा) असतो, एकाचा सिंगल (एकट्याचा शॉट) असतो, दुसऱ्याचा अर्धाच असतो, कारण उजेड गेला. समजा सीन असा आहे: मुलगा तालुक्याच्या गावाहून येतो, आई ओसरीवर तांदूळ निवडत बसलीय, तो सांगतो की वावर विकलं. फुटेजमध्ये दोघांचा मास्टर, तीन टेक. आईचा मिड शॉट, दोन टेक. मुलाचा सिंगल फक्त पहिल्या दोन वाक्यांपर्यंत. मास्टरच्या सर्वांत चांगल्या टेकमध्ये गिरणीचा आवाज. नवखा संकलक मास्टरवर सुरू करतो, बोलणाऱ्यावर कट, ऐकणाऱ्यावर कट, आणि महत्त्वाच्या वाक्याला मुलाचा क्लोजअप नाही म्हणून हळहळतो.

तो नसणंच इथे सोयीचं आहे. "सह्या झाल्या" हे वाक्य मुलाच्या तोंडावर ठेवूच नका. आईचा दुसरा टेक सुरुवातीपासून पाहा, दिग्दर्शक "ॲक्शन" म्हणण्याच्याही आधीपासून. तिथे अभिनेत्री सूप मांडीवर घेऊन नुसती बसलीय, बोटं तांदळात फिरतायत, ती अभिनय करत नाहीये. ते अडीच सेकंद उचला आणि वाक्य त्यावर टाका. वाक्य संपल्यावर बोटं थांबायला हवीत. ती थांबतात तो क्षण टेकच्या मधल्या भागात सापडेल. दोन तुकड्यांतली उडी झाकायला मधे मास्टरचा दीड सेकंद घ्या, ज्यात आईची पाठ आहे. गिरणीचा आवाज असलेल्या या तुकड्याखाली तिसऱ्या टेकचा स्वच्छ आवाज सरकवा. ओठ दिसत नाहीत, कुणाला कळणार नाही. मग आईवर परत या, पण बोटं थांबण्याच्या १२-१४ फ्रेम आधी, म्हणजे थांबणं शॉटच्या आत घडेल. आणि तिथेच राहा. पाच सेकंद, सहा सेकंद. मुलाकडे परत जाऊ नका. तो काय करतो ते पावलांच्या आवाजावरून कळू द्या. पावलं रेकॉर्ड झालेली नसतील तर साउंडवाल्यासाठी मार्कर टाकून ठेवा.

या सगळ्याला सेटवरचा तीस सेकंदांचा नुसता शांत आवाज, रूम टोन, लागतो. घेतलेला नसेल तर दोन वाक्यांमधल्या श्वासाच्या जागांतून तुकडे चोरून जोडावा लागतो. पुढच्या सिनेमाच्या आधी रेकॉर्डिस्टला एक फोन करून हे सांगून ठेवणं हे संकलकाचं सर्वांत स्वस्त काम आहे.

असेंब्ली दोन तास पाच मिनिटांची निघते आणि ती पाहून दिग्दर्शक खचतो. हे दरवेळी होतं. त्या दिवशी कुठलाच निर्णय घेऊ नका. तीन दिवसांनी प्रत्येक सीनचं एक कार्ड करून भिंतीवर लावा आणि विचारा, कुठले दोन सीन एकच गोष्ट सांगतायत? फ्रेमा छाटून १२५ मिनिटांचे १०० होत नाहीत, अख्खे सीन काढूनच होतात. त्यानंतर पाहायच्या जागा म्हणजे सीनची सुरुवात आणि शेवट: माणूस दार उघडतो, चप्पल काढतो, पाणी पितो, मग बोलतो. बोलण्यापासून सुरू करा. पहिली पंधरा मिनिटं सर्वांत शेवटी पक्की करा, कारण शेवट ठरल्याशिवाय सुरुवातीला काय पेरायचं ते कळत नाही. आणि संदर्भाला लावलेलं उसनं संगीत लवकर उतरवा. दिग्दर्शक त्याच्या प्रेमात पडतो, आणि मग बिचारा संगीतकार काहीही देवो, ते फिकं वाटतं.

रफ कट आठ-दहा लोकांना दाखवा, ज्यांनी पटकथा वाचलेली नाही. कोथरूडमधला एखाद्याचा हॉल आणि बरा टीव्ही पुरतो. पुण्यात मत मागावं लागत नाही, ते मिळतंच. अडचण अशी की लोक उपाय सांगतात. "शेवट बदला", "ते गाणं आधी घ्या". उपाय लिहून घेऊ नका, दुखणं लिहून घ्या: कुठे कंटाळा आला, वडील कशाने गेले ते कळलं का, ती बाई त्याची कोण होती. तिघांना एकाच ठिकाणी घोळ वाटला तर तो आहे, पण चूक बहुधा तिथे नसून दहा मिनिटं आधी असते.

लॉक झाल्यावर सिनेमा साधारण वीस मिनिटांच्या रिळांत तोडा, पाच रिळं. तोडायची जागा सीन बदलताना, जिथून संगीत ओलांडून जात नाही अशी. कारण सरळ आहे: तिसऱ्या रिळात नंतर आठ फ्रेम कापल्या तर फक्त तिसरं रीळ हलतं, पुढचा साउंड जागेवर राहतो. पहिल्या रिळाचा टाइमकोड ०१:००:००:०० ला सुरू, चित्राची पहिली फ्रेम ०१:००:०८:०० ला, आणि त्याच्या दोन सेकंद आधी, ०१:००:०६:०० ला, एका फ्रेमभराचा १ किलोहर्ट्झचा ठोका. चित्र संपल्यानंतर दोन सेकंदांनी तसाच एक. दुसरं रीळ ०२ पासून, असंच पुढे. हे ठोके म्हणजे साउंड स्टुडिओतून परत आलेला आवाज चित्राशी जुळतोय की नाही ते दोन सेकंदांत सांगणारं साधन. ते नसतील तर डोळ्यांनी ओठ जुळवत बसावं लागतं.

साउंडला द्यायचं ते असं: प्रत्येक रिळाचं टाइमकोड छापलेलं संदर्भ चित्र, एएएफ, त्यात प्रत्येक तुकड्याच्या दोन्ही बाजूंना किमान पाच सेकंदांचा जादा आवाज, मूळ ऑडिओचं पूर्ण फोल्डर, साउंड रिपोर्ट. संवाद, इफेक्ट आणि संदर्भाचं संगीत वेगवेगळ्या ट्रॅकवर. कलरला एक्सएमएल, तेच संदर्भ चित्र, मूळ फुटेज, आणि वेग बदललेल्या, मोठ्या केलेल्या, उलट्या केलेल्या शॉटची हाताने लिहिलेली यादी, कारण एक्सएमएलमधून नेमकं हेच निसटतं. टाइमलाइन देण्याआधी एका ट्रॅकवर आणा. सहा ट्रॅकवर मेलेले शॉट ठेवून दिलेली टाइमलाइन हे आळशीपणाचं प्रमाणपत्र असतं. चित्राची चौकटही कापायला बसण्याआधीच ठरलेली हवी. टू-केमध्ये फ्लॅट (कमी रुंद चौकट) म्हणजे १९९८ बाय १०८० पिक्सेल, स्कोप (जास्त रुंद) म्हणजे २०४८ बाय ८५८. निर्णय उशिरा झाला तर माणसांची डोकी कापली जातात.

सेन्सॉरच्या बाबतीत दोन गोष्टी संकलकाने आधीच विचाराव्यात. बैल, कुत्रा, कोंबडी, जे काही प्राणी दिसतात त्यांची पशू कल्याण मंडळाची कागदपत्रं आहेत का? नसतील तर ते शॉट वगळून सीन उभा राहतो का, हे लॉकआधी करून पाहा. आणि तंबाखू. ग्रामीण सिनेमात कुणीतरी तंबाखू मळतोच. तो दिसत असेपर्यंत पडद्याच्या खालच्या बाजूला इशारा ठेवावा लागतो, शिवाय सुरुवातीला आणि मध्यावर आरोग्याचा ३० सेकंदांचा संदेश आणि २० सेकंदांचं निवेदन. आजोबांच्या चंचीवाचून सीनचं काही अडत नसेल तर ती काढून टाका, पुढचा व्याप वाचेल. प्रमाणपत्रानंतर केलेला कुठलाही बदल बोर्डाकडे नोंदवून घ्यावा लागतो, म्हणून "रिलीजआधी जरा दोन मिनिटं कमी करू" हा प्रकार तेव्हाच थांबवा.

राहिला पुण्याचा प्रश्न. शेवटचं मिक्सिंग बहुतेक वेळा मुंबईतच होतं आणि तेवढ्यापुरतं जावं लागतं. कापायला पुणं पुरतं. इथली खरी कमाई म्हणजे माणसं. पुरुषोत्तम आणि फिरोदिया करंडक या महाविद्यालयीन नाट्यस्पर्धांतून दरवर्षी लिहिणारी, बसवणारी मुलं बाहेर पडतात आणि त्यातली काही पुढे सिनेमा करतात. त्यांच्या पहिल्या शॉर्टफिल्मला तुम्ही असलात तर पहिल्या चित्रपटालाही असण्याची शक्यता मोठी. लॉ कॉलेज रस्त्यावर, प्रभातच्या जुन्या जागेत, फिल्म इन्स्टिट्यूट आहे. तिथला संकलनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम मिळत असेल तर जरूर करा; कागदासाठी नव्हे, बरोबरीच्या कॅमेरामन-रेकॉर्डिस्ट-दिग्दर्शकांसाठी. तो नाही जमला तर उन्हाळ्यात तिथे होणारा चित्रपट रसास्वादाचा वर्ग करा, जानेवारीत पिफमध्ये (पुणे आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) मराठी स्पर्धेतले सगळे सिनेमे पाहा आणि श्रेयनामावली वाचा. तुमच्यासारखंच काम कोण करतंय ते तिथे कळतं. नोव्हेंबरमध्ये गोव्यात भरणाऱ्या फिल्म बाजारात वर्क-इन-प्रोग्रेस लॅब (अपूर्ण सिनेमांवर जाणकारांचा सल्ला मिळण्याची जागा) असते, तिथे रफ कट नेता येतो. दिग्दर्शक अर्ज करणार असेल तर त्या तारखेवरून मागे मोजत वेळापत्रक लावा, आणि त्या कटला तात्पुरती इंग्रजी सबटायटल लागतील हे धरून ठेवा: दोन ओळी, ओळीला चाळीस-बेचाळीस अक्षरं, शक्यतो कटच्या पलीकडे न जाणारी.

फक्त अशा सिनेमांवर घर चालत नाही. वर्षाला दोन चित्रपट, तेही लागोपाठ नाहीत, ही वरची मर्यादा. मधल्या वेळात माहितीपट, संस्थांच्या फिल्म, चाकण-हिंजवडीच्या कंपन्यांची प्रशिक्षणाची कामं. लग्नाची कामं सोडायची घाई करू नका, फक्त लॉकच्या महिन्यात एकही घेऊ नका. बाहेरचं चित्रीकरण पावसाआधी आटपायची सगळ्यांची धडपड असते, त्यामुळे जून-जुलैत फुटेज हातात पडतं आणि लग्नसराई सुरू होईपर्यंत रफ कट व्हायला हवा. या दोन हंगामांची गाठ नीट बसवता आली तर वर्ष निघतं.

श्रेयनामावली तुमच्याच टाइमलाइनवर येते, तेव्हा "संकलन" ही पाटी स्वतंत्र आहे का आणि नावाचं स्पेलिंग सेन्सॉरच्या अर्जात, महोत्सवांच्या फॉर्ममध्ये आणि पोस्टरवर एकसारखं आहे का, हे तपासून घ्या. पुरस्काराच्या यादीत नाव जातं ते त्या कागदांवरून. डीसीपी आली की खऱ्या थिएटरात पहिल्या फ्रेमपासून शेवटच्यापर्यंत सलग पाहा, सबटायटलसकट, पुढे सरकवत नाही. मग डिस्क परत करताना मात्र प्रत्येक डिस्कचा क्रमांक, तिच्यावर काय आहे आणि तारीख लिहून निर्मात्याची पोचसही घ्या.